कालवडीचा पंचनामा

आमच्याकडे बिबट्याला बिबट्या फक्त वनखात्याची माणसं आणि पेपरवाले म्हणतात. आम्ही वाघच म्हणतो. "काल मळ्यात वाघ होता" हे वाक्य जुन्नर तालुक्यात चहाच्या टपरीवर पावसापाण्याच्या गप्पांसारखं येतं आणि जातं. कुकडीचं पाणी आलं, ऊस आला, उसात वाघ आला. माझ्या पिढीने वाघ नसलेला ऊस बघितलेलाच नाही.

2025 च्या जानेवारीत त्याने आमची नऊ महिन्यांची कालवड मारली. भरपाईचे पैसे खात्यावर यायला एप्रिल संपत आला. मधल्या काळात जे समजलं ते कुणी आधी सांगितलं असतं तर माझे निम्मे हेलपाटे वाचले असते, म्हणून लिहितोय.

त्या आठवड्यात शेतीची लाइट रात्रपाळीची होती. मी कांद्याची दारं धरायला वावरात, एका हातात बॅटरी, खिशात मोबाइलवर मोठ्या आवाजात भारूड. ही आमच्याकडची रीतच आहे, वाघाला माणूस आहे हे कळलं पाहिजे. तीनच्या सुमाराला घराकडे कुत्रं जीव तोडून भुंकायला लागलं आणि मधेच गप्प झालं. भुंकत राहिलं असतं तर मी दुर्लक्ष केलं असतं. गप्प झालं म्हणून पळालो.

गोठ्यात गाय दाव्याला हिसके देत हंबरत होती आणि शेजारच्या खुंट्याला नुसतं तुटकं दावं. आमचा गोठा तेव्हा तीन बाजूंनी कमरेएवढी भिंत आणि वर पत्रा, असाच होता. भिंतीवरून फरफटत नेल्याची ओल दिसत होती. पुढे तीस-चाळीस फुटांवर उसाच्या तिसऱ्या सरीत कालवड पडलेली. नरड्यावर दातांची भोकं, मागचा भाग थोडासा खाल्लेला, अंग अजून गरम.

शेजारचे अण्णा आवाज ऐकून आले. बघितलं आणि म्हणाले, "औषध टाक थोडं अन् ठेव इथंच. येतोय तो परत रात्री."

औषध म्हणजे फवारणीचं. असं घडत नाही, असं कुणी म्हणू नये. मीही क्षणभर विचार केला, खोटं कशाला बोलू. पण आई म्हणाली, "आपल्याच बांधावर अजून कुणी मरायचं राहिलंय का? कुत्री खातील, कावळे खातील. हात लावू नका." तिला कायदा माहीत नव्हता, पण ती बोलली ते दोन्ही अर्थांनी बरोबर निघालं. पुढे अर्जाबरोबर अटी वाचल्या तेव्हा कळलं की मेलेल्या जनावराला पंचनामा होईपर्यंत जागेवरून हलवायचं नसतं. आणि अशीही अट आहे की त्यानंतर 6 दिवसांत, 10 किलोमीटरच्या आत विषबाधेने वन्यप्राणी मेलेला सापडला तर भरपाई नाही. ही अट वाचली आणि माझ्या डोक्यातला एक गुंता सुटला. तोवर मला वाटायचं सरकार कालवडीची किंमत देतं. ते कालवडीची किंमत देत नाही, औषध न टाकल्याचे पैसे देतं. तसं बघितलं तर रक्कम कमी आहे म्हणून चिडायलाही वेगळं कारण मिळतं.

उजाडताच 1926 ला फोन लावला, हा वनखात्याचा मोफत क्रमांक, आणि पोलीस पाटलांनाही कळवलं. घटनेपासून 48 तासांच्या आत कळवावं लागतं. आमच्याकडे पुष्कळ जण हे दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी कुणाकडून तरी ऐकतात, तोवर शेळी पुरून झालेली असते.

रविवार होता. साडेनऊला वनरक्षक मॅडम मोटरसायकलवर आल्या, पंचविशीच्या आसपासच्या. आईने बघितलं आणि माझ्याकडे वळून हळूच म्हणाली, "हिला पाठवलंय वाघाला?" मॅडमनी ऐकलं असावं, हसल्या नाहीत. टेप काढली, भिंतीची उंची घेतली, चारीच्या ओल्या मातीत उमटलेल्या ठशावर पट्टी ठेवून फोटो काढला, नरड्यावरच्या दोन सुळ्यांमधलं अंतर मोजलं. मग म्हणाल्या, "डॉक्टर येईपर्यंत हिच्यापाशी कुणीतरी बसा."

डॉक्टर बाहेरगावी होते, चार वाजता येणार होते. म्हणजे दिवसभर मेलेल्या कालवडीची राखण. वर ताडपत्री, कडेने बाभळीची काटी, आणि पुतण्या काठी घेऊन कावळे हाकतोय. थंडीचे दिवस होते म्हणून निभावलं. तिकडे गोठ्यात गाय दुपारपर्यंत हंबरत राहिली, धार काढू दिली नाही.

डॉक्टर आले, शवविच्छेदन उरकलं, आणि विचारलं, "टॅग?"

कालवडीचा उजवा कानच फाटून गेला होता. 1 जून 2024 पासून कानात बिल्ला नसेल तर वन्यप्राण्याने मारलेल्या जनावराची भरपाई देता येत नाही, असा नियम झालाय. आमच्या कालवडीला टॅग मारलेला होता. नंबर? कुणाला पाठ असतो बारा आकडी नंबर! कागदावर लिहिलेला नाही, मोबाइलमध्ये फोटो नाही. कालवडीचे फोटो होते, पण सगळे पुतण्याने गळ्यात हात घालून काढलेले आणि त्याच्या खांद्याआड तो कान.

डॉक्टर म्हणाले, "अर्धा तास थांबतो. शोधा."

दहा महिन्यांच्या उसात वाकून शिरलं की काय होतं ते ज्याने तोडणी केलीय त्याला विचारा. पानं करवतीसारखी. गाल, कोपर, मनगट चिरत जातात, आणि खाली पाचटाचा थर इतका जाड की हातातली किल्ली पडली तरी सापडायची नाही. आम्ही चौघं फरफटीच्या रेघेवर गुडघ्यांवर बसून पाचट चाळत पुढे सरकत होतो. मॅडमही बसल्या. वाघ जवळपासच असेल का, हे मी विचारलं नाही आणि त्यांनीही आपण होऊन काही सांगितलं नाही, फक्त मधून मधून उगाच मोठ्याने बोलत होत्या. शेवटी पुतण्याला सापडला, भिंतीपासून जेमतेम सात-आठ फुटांवर, केसांच्या झुपक्यासकट. पिवळा टॅग पिवळ्या पाचटात.

डॉक्टरांनी तो पाण्याने धुतला, नंबर मोबाइलमध्ये टाकला आणि म्हणाले, "मालक पांडुरंग... हे कोण?"

हे माझे वडील. टॅगिंगची माणसं आली तेव्हा अण्णांनी आमच्या घराचं जुनं नाव सांगितलं होतं. वडिलांना जाऊन तेव्हा दोन वर्षं झाली होती.

म्हणजे वाघाने जे जनावर मारलं त्याचा मालक स्वर्गवासी. कार्यालयात अर्ज दिल्यावर क्लार्कने तो आठवडाभर ठेवला आणि मग तोंडी सांगितलं की वारसाचा कागद लागेल. सातबाऱ्यावर वारस नोंद आम्ही उद्या-परवा करत राहिलो होतो, ती यानिमित्ताने लागली. तलाठ्याकडे (आता त्यांना ग्राम महसूल अधिकारी म्हणायचं, पण हाक तलाठी भाऊसाहेब अशीच) तीन फेऱ्या. मग सगळ्या वारसांचं संमतीपत्र, की पैसे आईच्या खात्यावर जमा करायला हरकत नाही. बहीण नारायणगावाहून दीड तास एसटीने आली, सही केली आणि म्हणाली, "जमिनीला नाही बोलावलंस, कालवडीला बोलावलंस." भाऊ पुण्याहून आला तो पुढच्या रविवारी. त्यात आईच्या आधारवर नाव 'पार्बती' आणि पासबुकात 'पार्वती'. तेही दुरुस्त केलं.

हिशेब असा: 2022 च्या शासन निर्णयाप्रमाणे गाय, म्हैस, बैल मेला तर बाजारभावाच्या 75 टक्के किंवा 70 हजार, यांतलं जे कमी ते. शेळी-मेंढीला हाच हिशेब, पण कमाल 15 हजार. डॉक्टरांनी आमच्या कालवडीची किंमत 20 हजार लावली, त्याचे 15 हजार झाले. माझ्या मते ती 28 हजारांच्या खाली गेली नसती. पण जातिवंत एचएफ (होल्स्टिन, परदेशी दुधाळ जात) असल्याचा, कृत्रिम रेतनाचा असा एकही कागद माझ्याकडे नव्हता. डॉक्टरांशी भांडणार कशाच्या जोरावर?

पहिल्याच रात्री मॅडमनी बांधावरच्या बाभळीला कॅमेरा बांधून ठेवला होता. सकाळी त्यांनी फोटो दाखवला. मादी. कालवड तोवर पुरलेली होती, ती नुसतीच त्या जागेवर येऊन बसली होती, तोंड कॅमेऱ्याकडे. मला डोळ्यांपलीकडे काही दिसलं नाही. मॅडमनी बोटाने पोटाकडची बाजू मोठी करून दाखवली. "सडं बघा. पाजतेय ती. पिल्लं याच उसात असणार."

गावात तोवर पिंजऱ्याची मागणी सुरू झाली होती, आणि मीही त्यात होतो. पिंजरा मागितला की लागतो असं नाही, वाघ पकडायला वरून, थेट मुख्य वन्यजीव रक्षकांची परवानगी लागते. शिवाय आमच्या तालुक्याचा एक जुना अनुभव आहे. 2001 ते 2003 या काळात इथे माणसांवर लागोपाठ हल्ले झाले. मी शाळेत होतो, दिवेलागणीनंतर अंगणातसुद्धा सोडत नसत. त्या वर्षांत वाघ धरून दुसऱ्या रानात नेऊन सोडत होते. वन्यजीव अभ्यासक विद्या अत्रेय आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी त्यावर अभ्यास केला, तो 2011 मध्ये छापून आला. असे परके वाघ आणून सोडायला लागण्याआधी माणसांवर वर्षाला सरासरी 4 हल्ले होत होते, नंतर ते 17 वर गेले. हे मॅडमनी बांधावर उभ्या उभ्या सांगितलं. अण्णांना पटलं नाही. "पेपरात काय पण छापतात," म्हणाले. मला अर्धं पटलं. ज्याच्या घरातलं माणूस गेलंय त्याच्यापुढे हे आकडे मांडायची माझी हिंमत नाही, आणि आमच्या पट्ट्यात अशी घरं आहेत.

फेब्रुवारीत ऊसतोड आली. दुसऱ्या दिवशी दुपारी टोळीतली एक बाई ओरडत सरीतून बाहेर आली. पाचटात दोन बछडे, मांजराएवढे, डोळे निळसर. तोड थांबली. मॅडम आणि बचाव पथक आलं, डॉक्टरांनी तपासलं, आणि संध्याकाळी त्याच सरीच्या टोकाला प्लास्टिकच्या क्रेटमध्ये ठेवून आम्हां सगळ्यांना घरी पाठवलं. टोळीच्या कोप्या उसापासून हाकेच्या अंतरावर होत्या, ती माणसं त्या रात्री आमच्या पडवीत झोपली. झोपली म्हणजे बसली. सकाळी क्रेट आडवा पडलेला होता आणि आत काही नव्हतं. मादी ते घेऊन अण्णांच्या उसात गेली होती. अण्णांचा ऊस मार्चअखेर तुटायचा होता. त्यानंतर महिनाभर अण्णा माझ्याशी फारसं बोलले नाहीत, जसं काही मीच तिला पत्ता दिला.

मार्चमध्ये फोन केला की उत्तर ठरलेलं, निधी आला नाही. 28 एप्रिलला आईच्या खात्यावर 15 हजार जमा झाल्याचा मेसेज आला. मी तेव्हा फॅब्रिकेशनच्या दुकानात गोठ्याच्या जाळीचं बिल देत उभा होतो. चारी बाजूंनी जाळी, वरून पत्र्यापर्यंत बंद, आणि लोखंडी दार, 41 हजार. आई म्हणाली हे आधी केलं असतं तर कालवड वाचली असती. ते खरं आहे. पण आधी ते 41 हजार नव्हते, तेव्हाही नव्हते, सोसायटीतून काढले.

त्या वर्षी वसुबारसेला आईने गायीला ओवाळलं. तिचं माहेर अकोले तालुक्यात डोंगरात, तिथे त्याच दिवशी वाघबारस असते, वाघोबाला नैवेद्य दाखवतात. तिने एक वाटी खीर बांधावर नेऊन ठेवली. मी काही विचारलं नाही, सकाळी ती मुंग्यांनी भरलेली होती.

आता नवी कालवड झालीय. टॅगवाले आले तेव्हा मी आधी दोन्ही कान दिसतील असा फोटो काढला, नंबर गोठ्याच्या दारावर खडूने आणि वहीत पेनाने लिहिला. मालकाचं नाव विचारलं तेव्हा अण्णा शेजारीच उभे होते. ते बोलायच्या आत आईने आपलं नाव सांगितलं, आधारवर आहे तसं.