जबड्याच्या एक्स-रेत सापडलेला पोटाचा आजार

सुळा दात आला नाही म्हणून पोरांना घेऊन आया येतात, त्यात नवल काही नाही. हा मुलगा आचऱ्याकडचा, अठरा वर्षांचा. खालचा जबडा चाचपताना डाव्या कोपऱ्याशी हाडासारखी टणक, न दुखणारी गाठ बोटाला लागली. ओपीजी, म्हणजे दोन्ही जबड्यांचा एकत्र एक्स-रे, काढला. दोन्ही सुळे हाडातच अडकलेले, त्यांच्या वाटेत जादा दात, आणि जबड्यात ठिकठिकाणी दाट पांढरे डाग.

अडकलेला सुळा किंवा एखादा जादा दात नेहमीच दिसतो. पण हे सगळं एकाच जबड्यात दिसलं की दंतवैद्याने पोटाची चौकशी केलीच पाहिजे. मी विचारलं, "वहिनी, घरात कुणाला आतड्याचा आजार होता?"

ती गप्प झाली. मग म्हणाली, "ह्येचो बापूस पोटाच्याच दुखण्यान गेलो. थोरलो दीर मुंबयक, तो पण तसोच." दोघांनीही चाळिशी गाठली नव्हती. घराण्याचा दोष समजून देवळात गाऱ्हाणीही घालून झाली होती.

दोष घराण्यातच होता, पण जनुकातला. अमेरिकेतल्या युटामधल्या एल्डन गार्डनर यांनी 1950च्या दशकात एका कुटुंबात आतड्यातले पॉलिप (अस्तरावर उगवणारे मांसल कोंब) आणि हाडाच्या गाठी बरोबरीने चालत आल्याचं नोंदवलं. त्यामागचं एपीसी जनुक 1991मध्ये सापडलं. बीटा-कॅटेनिन नावाचं प्रथिन पेशींना वाढायला लावतं. एपीसी त्याला आवर घालतं. दाताचा अंकुर धरताना, हाड घडताना आणि दर काही दिवसांनी आतड्याचं अस्तर नवं होताना, तिन्ही ठिकाणी हीच यंत्रणा लागते. म्हणून आवर सुटला की जबड्यात जादा दात आणि हाडाच्या गाठी, तर आतड्यात शेकडो पॉलिप. जबड्यातल्या गाठींनी जीव जात नाही. पॉलिप तसेच राहिले तर मात्र कॅन्सर जवळजवळ ठरलेला, तोही बहुधा चाळिशीच्या आसपास.

"दातासाठी इलंव, तर पोटात कॅमेरो कित्याक?" तिचा प्रश्न रास्तच होता. ओपीजी समोर धरून मी एकेक डाग दाखवला, पुन्हा पुन्हा सांगितलं. शेवटी तिने एवढंच विचारलं, "मगे धाकट्या चेडवाचा काय?" आई किंवा बाप, एकाकडे हा दोष असला तर प्रत्येक मुलात तो उतरण्याची शक्यता 50 टक्के. मुलगी बारा वर्षांची, म्हणजे तपासण्या सुरू करण्याच्याच वयाची.

कोल्हापूरला मुलाची कोलोनोस्कोपी, म्हणजे कॅमेऱ्याने मोठ्या आतड्याची तपासणी, झाली. मोठं आतडं पॉलिपनी भरलेलं होतं. तुकडा तपासला, कॅन्सर नव्हता! रक्ताच्या तपासणीत एपीसीतला दोष निघाला आणि पुढे मोठं आतडं काढून टाकलं. मुलगा आता सावरलाय, सुळ्यांचं काम मी हाती घेतलंय. बहिणीत तो दोष उतरलेला नाही; तिच्या आईला हे सांगताना माझाच आवाज भरून आला.

राहिली दिराची मुलं. थोरला मुंबईत तपासून आला. धाकटीची आई तयार नाही: लग्न जमायचंय, असलं काही कागदावर नको. तिची भीती मला कळते, पण मुलगी पंचविशीत आहे आणि थांबण्यासारखा हा आजार नाही. गणपतीला ती मंडळी गावी येतात. तेव्हा या वहिनींना बरोबर घेऊन मी त्यांच्या घरी जाणार आहे.