नागीण आबाजीची, कांजण्या पोट्ट्याच्या

संक्रांत होऊन चार दिवस झाले असतील. मामाजींच्या, म्हणजे माझ्या सासऱ्यांच्या, उजव्या बरगडीखाली आग व्हायला लागली. हरभऱ्याच्या वावरात जागलीला जात होते, म्हणून वाटलं काहीतरी चावलं. तिसऱ्या दिवशी पाठीपासून पोटापर्यंत पाण्याच्या फोडांची माळ उठली आणि आत्याबाईंनी, माझ्या सासूबाईंनी, बघता क्षणी सांगितलं, "नागीन होय वो हे."

आमच्या दारव्ह्याकडं नागिणीवर गेरू लावतात. शेजारगावच्या एका म्हाताऱ्यानं तो मंतरून दिला आणि बजावलं, नागिणीचं तोंड अन् शेपूट कमरेभोवती जुळलं की माणूस हातचा गेला. आत्याबाई रोज सकाळी दोन्ही टोकांमधलं अंतर बोटांनी मोजायच्या. गेरू लावायचं काम मात्र माझ्या मुलाकडं. सहा वर्षांचा आहे, दिवसरात्र आबाजीच्या बाजेवर. वाटीत बोट बुडवायचं, फोडांवर फिरवायचं आणि मग तेच बोट नाकाला. मला गंमत वाटली होती. फोटोसुद्धा काढला.

6 फेब्रुवारीला त्याला आंघोळ घालताना छातीवर लाल पुरळ दिसला. संध्याकाळपर्यंत त्यातल्या काहींत पाणी भरलं. दुसऱ्या दिवशी पाठीवर, डोक्यात, अगदी टाळूलाही. नवे ठिपके, पाणी भरलेले फोड आणि सुकत आलेल्या खपल्या, सगळं एकाच वेळी अंगावर. कांजण्यांची खूण म्हणे हीच.

आत्याबाई म्हणाल्या, "मायबाई आली. आता फोडनी द्याची नाही, तळन करायचं नाही." दाराला कडुलिंबाचा डहाळा लागला, मातामायला पाणी घालणं सुरू झालं. आणि मी? मी नळावर जाऊन शेजारच्या ताईशी भांडून आले. तिची मुलगी माझ्या मुलाच्याच ऑटोनं शाळेत जाते आणि आठवडाभरापूर्वी तिच्या गालावर दोन पुटकुळ्या मी पाहिल्या होत्या. "आजारी पोरीले शाळेत काऊन धाडता?" असं चार बायांसमोर बोलले.

तालुक्याच्या डॉक्टरांनी मुलाला तपासलं आणि पहिला प्रश्न विचारला, "घरात एवढ्यात कोणाला नागीण झाली होती का?"

मला आधी कळलंच नाही, हे मध्येच का विचारतात. मग त्यांनी समजावलं. दोन्हींचा विषाणू एकच. लहानपणी कांजण्या होऊन गेल्या तरी तो शरीरातून जात नाही, नसांच्या मुळाशी दडून राहतो. वय झालं, अंगातली ताकद कमी झाली की एखादी नस धरून बाहेर येतो, ती नागीण. ती बहुधा एका नसेच्या हद्दीतच, शरीराच्या एकाच बाजूला राहते, म्हणून तोंड-शेपूट जुळायचा प्रश्नच नसतो. नागीण दुसऱ्याला नागीण देत नाही. पण ज्याला कांजण्या झालेल्या नाहीत, त्यानं त्या फोडांच्या पाण्याला हात लावला तर त्याला कांजण्या होऊ शकतात. लागण झाल्यापासून अंगावर उठेपर्यंत 10 ते 21 दिवस, बहुतेकदा दोन आठवड्यांच्या आसपास. मी बोटांवर मोजलं. गेरूची वाटी 21 जानेवारीला आली होती.

कांजण्या मात्र हवेतूनही पसरतात, खोकल्या-शिंकेतून. अंगावर उठायच्या एक-दोन दिवस आधीपासून ते सगळ्या फोडांवर खपली धरेपर्यंत. आणि उठायच्या आदल्या दिवशी अंग थोडं कोमट होतं तरी मी त्याला ऑटोत बसवलं होतं. गव्हाला पाणी द्यायचा दिवस होता, घरी थांबायला कोणी नव्हतं.

औषध साधंच. तापाला पॅरासिटामॉल (ॲस्पिरिन मुळीच नाही, हे दोनदा सांगितलं), खाजेला कॅलामाइन, नखं कापून बारीक. कडुलिंबाच्या पाण्यानं आंघोळ घाला, पण घासू नका. गर्भवती बाई घरात असेल तर लांब ठेवा. मला झाल्या होत्या का, म्हणून आईला फोन केला, तर ती म्हणाली, "भुवईवरचा खड्डा कशाचा आहे मग?" लस आहे, पण सरकारी यादीत नाही, खासगीत पैसे देऊन घ्यावी लागते. अंगणवाडीत मुलाला दिली ती गोवर-रुबेलाची. मी इतकी वर्षं दोन्ही एकच समजत होते.

आत्याबाईंना हे सगळं सांगितलं. शांतपणे ऐकलं आणि म्हणाल्या, "म्हंजे माताच नागीन होऊन येते म्हन ना." यावर काय बोलणार. मामाजींचे फोड वाळले, पण बरगडीखाली अजून ठणकतं, बनियान अंगाला लागू देत नाहीत.

21 फेब्रुवारीला शेजारच्या ताईच्या मुलीला उठल्या. मी हिशेब केला, सोळा दिवस. आमच्याच घरून, ऑटोतून.

कॅलामाइनची अर्धी उरलेली बाटली घेऊन गेले. सगळं सांगितलं, गेरूच्या वाटीपासून. ती म्हणाली, "नळावर सांगतलं असतं हे." बाटली घेतली आणि दार लोटलं.