काउबॉय म्हणजे गुराखीच ना?

"अमेरिकेत वीस वर्षं काढलीस, एवढं वाचलंस, आणि अजून ते काउबॉयचे सिनेमे कसे काय बघवतात तुला?" हा प्रश्न मला मंडळाच्या गणपतीत विचारून झालाय, पुण्यात भाच्यानं विचारून झालाय, आणि मागच्या महिन्यात एका जुन्या मित्रानं तर जवळजवळ फैलावरच घेतलं. दर वेळी मी थातुरमातुर काहीतरी बोलून सुटका करून घेतली. आता एकदा नीट सांगतो.

आधी एक विनंती, मला इतिहास शिकवू नका. मूळच्या लोकांच्या जमिनी कशा गेल्या ते मला ठाऊक आहे. खरा काउबॉय कोण होता तेही ठाऊक आहे. अमेरिकेतल्या यादवी युद्धानंतर जेमतेम वीस वर्षं चाललेला तो धंदा. टेक्सासात तीन-चार डॉलरला मिळणारं जनावर उत्तरेत तीस-चाळीस डॉलरला जायचं, म्हणून शेकडो मैल गुरं हाकत कॅन्ससच्या रेल्वेपर्यंत न्यायची. हाकणारी पोरं महिना पंचवीस-चाळीस डॉलरवर राबणारी. साधारण चारातला एक काळा, शिवाय मेक्सिकन. लासो (फासाचा दोर), रोडिओ (घोडे-बैलांचा खेळ), रँच (गुरांचा मळा) हे शब्द मुळात मेक्सिकनांचेच. १८८३ साली टेक्सासात या पोरांनी पगारासाठी संप केला आणि तो मोडला. त्याच १८८३ साली बफेलो बिल नावाच्या माणसानं काउबॉयचा तमाशा दाखवणारा आपला 'वाइल्ड वेस्ट'चा खेळ सुरू केला. हे दोन्ही एकाच वर्षी घडलं हे मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा पुस्तक मिटून बराच वेळ बसून होतो. पुढं १८८६-८७च्या हिवाळ्यात मोकळ्या कुरणावरची जनावरं गारठून मेली, कुरणं अडवणारी काटेरी तार तर आधीच आलेली, धंदा बसला. आणि १९०२ साली ओवेन विस्टरच्या 'द व्हर्जिनियन' कादंबरीतला काउबॉय गुरं चोरली म्हणून स्वतःच्या मित्राला फासावर चढवतो आणि शेवटी चांगला मालदार होतो. संप करणारा गडी मागं पडला, मालकाच्या बाजूनं उभा राहणारा हिरो झाला. हे सगळं माहीत असून मी बघतो. माहीत नसेल म्हणून बघत असेल, असं समजून मला कुणी समजवायला येऊ नका.

मला हे वेड दादांकडून आलं. दादा म्हणजे आमचे वडील. अंबाजोगाईकडच्या एका खेड्यात ते आठव्या वर्षापासून सात वर्षं दुसऱ्याची गुरं राखत होते. दोन वेळची भाकर, वर्षाला एक कापडाचा जोड आणि घरी थोडी ज्वारी. मग एका मास्तरांनी धरून शाळेत बसवलं, पुढं एसटीच्या वर्कशॉपात लागले आणि औरंगाबादला आले. तिथं रविवारी सकाळच्या खेळाला इंग्रजी सिनेमे लागायचे. दादांना इंग्रजीचा एक शब्द कळत नव्हता. पण सात-आठ वर्षांच्या मला खांद्याशी धरून ते सांगायचे, "बघ, गुराखी हाय त्यो. आन् सारं गाव त्याच्या तोंडाकडं बघतंय." आमच्या गावात गुराख्याच्या तोंडाकडं कुणी बघत नव्हतं. तो ओसरीच्या खाली बसायचा. हे मला तेव्हा कळलं नाही, दादांना प्रत्येक रविवारी कळत होतं.

त्यांची एकच तक्रार असायची. अर्धा सिनेमा झाला की हळूच म्हणायचे, "पर ह्याची गुरं कुठंयत?" खरंच, पडद्यावरच्या काउबॉयजवळ गाय नसतेच. बंदूक असते, घोडा असतो, जनावर राखताना तो क्वचितच दिसतो.

ॲरिझोनातल्या फिनिक्सला आल्यावर मी हा सगळा इतिहास वाचायला लागलो आणि एका हिवाळ्यात सगळ्या डीव्हीडी देऊन टाकल्या. चार वर्षं एकही सिनेमा पाहिला नाही. त्या वेळी मला वाटलं, मी फार स्वच्छ झालो. आज त्या वेळच्या माझ्याशी भांडावंसं वाटतं. तू सिनेमे सोडलेस, ठीक. पण त्या चार वर्षांत ऑफिसात कुणी घरचं विचारलं तर वडील 'ट्रान्सपोर्ट इंजिनिअर' होते म्हणून सांगायचास, त्याचं काय?

मग दादा आले. तेव्हा ते सत्तरीला टेकलेले. म्हणाले, ती लाल डोंगरांची जागा दाखव. म्हणजे मॉन्युमेंट व्हॅली, ॲरिझोना आणि युटाच्या सीमेवर, नवाहो लोकांच्या मुलखात. माझे ऑफिसातले वरिष्ठ आणि त्यांची पत्नीही बरोबर निघाले. वाटेत दादांनी एक टोपी घेतली, रुंद काठाची, तपकिरी.

खाली खोऱ्यात उघड्या ट्रकमधून नेतात, बाकांवर बसवून. लाल धूळ दातांत येते. आमचा वाटाड्या पन्नाशीचा नवाहो माणूस होता, कमी बोलणारा. एका कड्यापाशी ट्रक थांबवून तो म्हणाला, दिग्दर्शक जॉन फोर्डची ही लाडकी जागा. खाली एक नवाहो तरुण घोड्यावर बसून कड्याच्या टोकाशी उभा होता, पैसे देऊन त्याच्यासोबत फोटो काढता येतो. माझ्या वरिष्ठांनी काढला.

दादांनी मला विचारायला सांगितलं, "ह्यांचे लोक सिनेमात व्हते का?" वाटाड्या म्हणाला, होते. १९३८ साली इथला व्यापारी हॅरी गोल्डिंग खोऱ्याचे फोटो घेऊन हॉलिवूडला गेला, फोर्ड आला, आणि आमच्या माणसांनी रोजावर अपाचे, म्हणजे दुसऱ्याच जमातीचे, व्हायचं, घोड्यावरून पडून मरायचं, दुसऱ्या दिवशी पुन्हा मरायचं. रोज मिळायचा, तो हवाच होता, कारण मेंढरं गेली होती.

"मेंढरं कशानं गेली?" दादा एकदम पुढं सरकले.

वाटाड्यानं सांगितलं. १८६४ साली त्यांच्या लोकांना शेकडो मैल चालवत न्यू मेक्सिकोतल्या बॉस्के रेडोंडोच्या छावणीत नेलं, त्याआधी किट कार्सनच्या सैन्यानं पिकं जाळली, मेंढरं मारली. हा कार्सन जिवंतपणीच स्वस्त कादंबऱ्यांचा हिरो झालेला. चार वर्षांनी तह करून लोक परतले आणि पुन्हा कळप वाढवले. मग १९३३ पासून सरकारनंच ठरवलं की कुरणं झिजतात, जनावरं जास्त झालीत. कळप कमी करायला माणसं आली. काही ठिकाणी मेंढ्या-शेळ्या गोळ्या घालून तिथंच टाकून दिल्या. त्याच्या आजीची अर्धी मेंढरं गेली. ती म्हातारी मरेपर्यंत त्यांची नावं घ्यायची, असं तो म्हणाला. सिनेमावाले आले ते त्यानंतर.

मी जमेल तसं मराठीत सांगत होतो. दादांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. मग वाटाड्याच्या डोळ्यांत बघत, त्याला मराठी कळतं असं समजून, ते बोलायला लागले. "मी बी गुरं राखलीत. धन्याची. एक गाय व्हती तांबडी, खुराला जखम. धन्यानं विकली कसायाला, मला न सांगता. मी तीन दिस जेवलो न्हाई. ह्याच्या आजीला नावं याद व्हती, मलाबी याद हायेत." आणि त्यांनी नावं सांगितली. पाच-सहा. मग माझ्याकडं वळून म्हणाले, "सांग त्याला."

वाटाड्या थांबला होता. वरिष्ठ आणि त्यांची पत्नी माझ्याकडं बघत होते. मी इंग्रजीत म्हणालो, "वडिलांना जनावरांची आवड आहे. गावाकडं आमची शेती होती."

एवढंच. आमची शेती नव्हती. कधीच नव्हती.

वाटाड्यानं सभ्यपणे मान हलवली आणि ट्रक सुरू केला. दादा म्हणाले, "मी एवढं बोललो, तू थोडक्यात उरकलंस. समदं सांगितलंस ना?" मी हो म्हणालो.

लोक मला विचारतात काउबॉय कसा आवडतो, आणि मला तो ट्रक आठवतो. काउबॉयची गोष्ट खोटी आहे म्हणून मी चार वर्षं सिनेमे बघितले नाहीत, आणि खरा गुराखी शेजारी बसला होता तेव्हा त्याला मीच जमीनदार केला. ऐंशी वर्षांपूर्वी हॉलिवूडनं जे केलं ते मी एका वाक्यात केलं. वरिष्ठांना कळलं असतं तर काय बिघडलं असतं? काहीच नाही, असं आज म्हणता येतं. तेव्हा घसा कोरडा पडला होता, हेही खरं.

घरी आल्यावर दादांसाठी म्हणून मी 'रेड रिव्हर' आणला, हॉवर्ड हॉक्सचा १९४८चा. त्यात गुरं आहेत, हजारोंनी, शेवटपर्यंत. एक गडी रात्री चोरून साखर खायला जातो, भांडी खडखडतात आणि सगळी गुरं उधळतात. दादा ताडकन उठून उभे राहिले. "बरोबर हाय! रातच्याला भांडं वाजलं की थांबत न्हाईत ती." तो सिनेमा त्यांनी तीनदा पाहिला. त्यातला मालक माणसांवर जुलूम करतो, जमीन बळकावतो, हे मी दाखवलं तर म्हणाले, "धनी तसाच असतोय. मी पोरांकडं बघतो."

मी आता तसंच बघायचा प्रयत्न करतो. दर वेळी जमत नाही. पडद्यावर अपाचे घोड्यावरून पडला की मला त्याचा रोज आठवतो, आणि तरी पुढच्या क्षणी तो उंच माणूस एकटा गावाबाहेर निघतो तेव्हा पोटात तेच होतं जे औरंगाबादला व्हायचं. हे दोन्ही एकत्र कसं राहतं ते मला सांगता येत नाही. मित्र म्हणतो ही पळवाट आहे. असेल. त्याला द्यायला माझ्याकडं उत्तर नाही, आणि सिनेमे मी पुन्हा सोडणारही नाही.

दादांची ती टोपी अंबाजोगाईच्या घरात खिळ्याला लटकवलेली असते. येणारा-जाणारा विचारतो. दादा सांगतात, "तिकडल्या गुराख्याची टोपी हाय." त्या दिवशी ट्रकमध्ये मी इंग्रजीत काय सांगितलं, ते मी त्यांना अजून सांगितलेलं नाही.