तीन काठ्या, एक कुपा

निघण्याआधी डायरेक्टरने मला एका जुन्या बोलपटातला तुकडा पाठवला आणि खाली एवढंच लिहिलं, 'असं हवंय.' आम्ही चाललो होतो मिनिकॉयला, लक्षद्वीपच्या पार दक्षिण टोकाला, कुप्याच्या, म्हणजे ट्यूना माशाच्या, मासेमारीवर माहितीपट करायला. कॅमेरा माझ्याकडे. आमच्या अलिबागकडे कुपा जाळ्यात येतो. तिथे तो काठीने धरतात, एकेक करून.

बोलपट होता 1932 चा 'टायगर शार्क'. दिग्दर्शक हॉवर्ड हॉक्स, छायाचित्रण टोनी गॉडिओचं. कॅलिफोर्नियातल्या सॅन दिएगोला पोर्तुगीज मच्छीमारांची मोठी वस्ती होती, त्यांची ही गोष्ट. नायकाचं नाव माइक मास्करेन्हस (हे आडनाव ऐकून गोव्यातला माणूस कान टवकारणारच). काम केलंय एडवर्ड जी. रॉबिन्सनने. शार्कने त्याचा एक हात तोडलाय, त्या जागी लोखंडी आकडा आहे. त्याच्या बोटीवरचा एक जुना खलाशी समुद्रावरच मरतो, मागे मुलगी उरते, किटा. माइक तिला आधार देतो, मग लग्नाचं विचारतो. उपकाराच्या ओझ्याखाली ती हो म्हणते, आणि जीव जडतो तो माइकच्या जिवलग दोस्तावर. पुढचं काय होतं ते सांगायला नको. वॉर्नर कंपनीला हा सांगाडा इतका आवडला की नायकाचा धंदा बदलून तो पुढे पुन्हा वापरला.

प्रेमाचे सीन मी पुढे ढकलत पाहिले, खोटं कशाला बोलू. पण मासेमारीचे सीन लागले की हात थांबायचा. बोटीच्या कडेला, पाण्याच्या जरा वर, पिंजऱ्यासारखे कठडे टांगलेले. त्यात माणसं रांगेने उभी, लाट आली की पाय पाण्यात. हातात बांबू. मासा बेताचा असेल तर एक काठी, एक दोरी, एक गळ. मोठा असेल तर दोघांच्या दोन काठ्यांच्या दोऱ्या एकाच गळाला, आणि त्याहून मोठ्याला तीन काठ्या. तिघांनी एकाच दमात मागे झुकायचं, एकाची चाल चुकली तरी मासा गेला. नट कितीही मोठा असो, ते त्याला जमण्यातलं नाही. तिथे खरे मच्छीमार आहेत, हे त्यांच्या कमरेवरून कळतं.

एक धंद्यातली गोष्ट सांगतो. बोलपटाच्या सुरुवातीच्या वर्षांत कॅमेऱ्याची घरघर मायक्रोफोनमध्ये जाऊ नये म्हणून कॅमेरा, कॅमेरामनसकट, खोलीएवढ्या खोक्यात कोंडायचे. 1932 येईतो ती खोकी बरीच आटली होती, तरी बोलाचालीचे सीन स्टुडिओत उरकलेले बरे, असाच हिशेब असायचा. (आपला 'अयोध्येचा राजा' त्याच वर्षीचा.) 'टायगर शार्क'मध्ये हा सांधा उघडा दिसतो. घरात माणसं एका जागी उभी राहून बोलतात, आणि समुद्रावर कॅमेरा मूकपटासारखा मोकळा सुटतो. डायरेक्टरला हवा होता तो हा मोकळेपणा. तो बसला किनाऱ्यावर. बोटीवर एकाच फालतू माणसाची जागा होती, ती मला.

बोट अंधारात निघाली, पण कुप्याकडे नाही, चाऱ्याकडे. बेटाच्या आतल्या उथळ लगूनमध्ये बोटाएवढे चंदेरी मासे जाळ्याने अलगद उचलले. ते जिवंतच लागतात. बोटीच्या मधल्या कप्प्याला तळाशी भोकं असतात, त्यातून समुद्राचं पाणी खेळत राहतं आणि चारा तगतो. चारा मिळाला नाही तर त्या दिवशी मासेमारी नाही. डिझेल भरलेलं असो, माणसं आलेली असोत, परत फिरायचं.

तांडेल, म्हणजे बोटीचा प्रमुख, साठीचा. मिनिकॉयचे बरेच पुरुष व्यापारी जहाजांवर नोकरी करतात, तसा हाही वयात असताना होता. मशीद बंदरला राहिलेला, त्यामुळे हिंदी अस्सल मुंबईची. कॅमेरा बघून त्याने विचारलं, "किधर खडा रहेगा?" मी मागच्या चौथऱ्याकडे बोट केलं, गळकऱ्यांच्या पाठीशी. "उधर मछली गिरता है," तो म्हणाला. मग मला चाऱ्याच्या कप्प्याशेजारी उभं केलं, कमरेला दोर बांधून दुसरं टोक खांबाला. मनातल्या मनात मी गॉडिओचे शॉट पुन्हा चालवले. त्यानेही बहुतेक वेळा रांगेच्या बाजूनेच पाहिलंय. पाठीमागे उभं राहायची सोय त्यालाही नव्हती.

बराच वेळ नुसतं ऊन आणि डिझेलचा वास. मग पक्ष्यांचा थवा दिसला, पाण्यावर झेपा टाकणारा. तांडेलने बोट त्यांच्या वाटेवर आडवी घातली, वेग मारला. एकाने मुठीमुठीने जिवंत चारा फेकायला सुरुवात केली, आणि दोघंतिघं कडेला बसून लाकडी फावड्यांनी पाणी उडवू लागले. पाऊस पडल्यासारखा पृष्ठभाग फुटला. त्यामुळे माशाला बोट दिसत नाही, गळ आणि चारा यातला फरकही कळत नाही. सॅन दिएगोच्या सीनमध्ये हे पाणी उडवणं नाही. माझ्या लेन्सवर मात्र सगळं आलं. पुसायचं, चार सेकंद घ्यायचे, पुन्हा पुसायचं.

आणि कुपा आला. गळाला उलटा काटा नसतो. मासा हवेत आला, दोरी सैल पडली की तो आपसूक सुटतो आणि मागे आदळतो. गळकरी मागे वळून बघतच नाही, काठी तोवर पुन्हा पाण्यात. एकाच वेळी हवेत पाच-सहा मासे, खाली आधीचे तडफडताहेत. त्यांच्या शेपट्यांचा फळ्यांवरचा तो आवाज मी अजून कुठल्या साउंडट्रॅकवर नीट ऐकलेला नाही. इतका जलद की वेगवेगळे ठोके कळतच नाहीत, बोटीच्या अंगातून थरथर पायात चढते. एक मासा माझ्या मांडीवर आपटला. हात लावला तर अंग कोमट. कुप्याचं रक्त गरम राहतं हे वाचलं होतं, पण समुद्रातून आत्ता निघालेला मासा कोमट लागला की अंगावर काटा येतो. फळ्या लाल झाल्या, माझे बूट लाल, पाणी उडवणाऱ्यांचे पाय लाल. तेव्हा उलगडलं की 1932 चे ते सीन इतके स्वच्छ का वाटतात. काळ्या-पांढऱ्यात रक्त ओल्या लाकडासारखंच दिसतं.

दहा मिनिटं झाली नसतील, कुप्याने तोंड फिरवलं. सगळं थांबलं. लगेच कोणी बोललं नाही. विडी मात्र पेटली.

संध्याकाळी तांडेलने घरी बोलावलं. चहा, आणि बरोबर मासमीन, म्हणजे उकडून, धुरी देऊन, उन्हात कडक केलेला कुपा. तो तुकडा दाखवायला मी लॅपटॉप नेला होता. तुकडा संपला तशी सगळ्यांनी पूर्ण बोलपटच लावायला लावला. तांडेल, त्याची बायको, मेव्हणी, दुपारचे दोन तरुण गळकरी, दारात पोरं. संवाद मी हिंदीत सांगायचो, तांडेल पुढे त्यांच्या महल भाषेत.

तीन काठ्या एका गळाला, हे बघून तरुण उठून स्क्रीनपाशी आले. इथला कुपा पट्टेवाला, वजन दोन-चार किलो. त्याला एक काठी पुष्कळ. तिकडचा मासा केवढा असेल यावर वाद झाला. हे लोक अजून तसंच धरतात का, असं त्यांनी विचारलं. मी सांगितलं, 1960 च्या आसपास नायलॉनची मोठी जाळी आणि ती ओढणारी यंत्रं आली आणि तिथल्या ताफ्याने काठ्या सोडल्या. तांडेल नुसतं "हां" म्हणाला.

गाडी अडली ती गोष्टीपाशी. किटाचा बाप मेला आणि ती माइकशी लग्नाला तयार झाली, तिथे तांडेलच्या बायकोने हात वर करून बोलपट थांबवायला लावला. तिचं म्हणणं तांडेलने मला सांगितलं, "बोलती है, बाप मरा तो लडकी का घर किधर गया?"

मी समजावू लागलो, की कमावणारा गेला, मागे कोणी नाही. पण तिला ते पटेना, आणि का पटेना हे हळूहळू माझ्या डोक्यात शिरलं. मिनिकॉयला घर बाईचं. आईकडून मुलीकडे जातं. लग्न झालं तरी मुलगी आपल्या घरातच, नवरा तिच्याकडे येतो. पुरुष महिनोन् महिने जहाजावर, गावाचा बराच कारभार बायकांच्या हातात. मी चहा पीत होतो ते घरही तांडेलचं नव्हतंच. मग बाप बुडाला म्हणून मुलगी उघड्यावर पडते, आणि छपरासाठी माइकशी लग्न करते, हा पायाच इथे ढासळतो. पाया गेला की उपकार गेला, उपकार गेला की त्रिकोण गेला, आणि शेवटी माइकला शार्कच्या तोंडी देण्याचं कारणही उरत नाही. सव्वा तास चालणारी शोकांतिका त्या बाईने एका प्रश्नात निकालात काढली. प्रेमकथा समुद्राची आहे असं मी इतके दिवस धरून चाललो होतो. ती निघाली घराच्या मालकीची.

मेव्हणीचा निकाल आणखी कडक होता. दोस्तालाच आधी घरी बोलवायचं, माइकला पगारवाढ द्यायची आणि बोटीवर पाठवायचं. सगळे हसले. तांडेल जरा कमी हसला.

बाकीचा बोलपट त्यांनी पाहिला, पण मासे धरायचे सीन आले की तेवढेच लक्ष देऊन. शार्कचा शेवट बघून पोरं खूश झाली.

दुसऱ्या दिवशी बोटीवर कुपा बरा लागला. मी माझ्या खांबाला बांधलेला, लेन्स पुसतोय. बाजूला बघतो तर त्या दोघा तरुणांनी आपल्या दोऱ्या एकाच गळाला बांधलेल्या. मला ओरडून सांगितलं, "इधर, इधर!" मी कॅमेरा वळवला. मासा लागला, दोघांनी सॅन दिएगोसारखं एकदम मागे झुकून झटका दिला. पण वजन तीन किलो आणि जोर दोघांचा. कुपा चौथऱ्यावरून, माझ्या डोक्यावरून, अख्खी बोट ओलांडून पलीकडे समुद्रात पडला आणि निघून गेला. तांडेलने जे म्हटलं ते माहितीपटातून गाळावं लागलं. शॉट मात्र ठेवलाय. संध्याकाळी वाटे घातले तेव्हा तो एक मासा त्याने दोघांच्या वाट्यातून कापला.