दिव्याखालची ताटली

‘छायालेखन’ हा आपल्याकडचा जुना शब्द सिनेमाच्या श्रेयनामावलीत दिसला की मला तो उलटाच वाटायचा. माणूस दिवे लावतो, कॅमेरा उजेड टिपतो, आणि नाव मात्र सावलीचं! फिनलंडचा छायालेखक टिमो साल्मिनेन यानं टिपलेले सिनेमे बघितले आणि शब्दाशी असलेलं भांडण मिटलं. फिनिश भाषेत छायालेखकाला ‘कुवाया’ म्हणतात. कुवा म्हणजे चित्र. म्हणजे नुसता चित्रवाला. मला आपलाच शब्द जास्त शोभतो असं वाटतं.

फिनिश दिग्दर्शक आकी कौरिस्माकीच्या १९८३ सालच्या पहिल्या कथापटाचा कॅमेरा साल्मिनेनकडे होता, आणि २०२३ च्या ‘फॉलन लीव्ह्ज’चाही. एखाद्या कीर्तनकाराचा मृदंगवाला ठरलेला असावा, तशी ही चाळीस वर्षांची जोडी. मधल्या काळात तो इतरांकडेही गेला. अर्जेंटिनाचा दिग्दर्शक लिसान्द्रो अलोन्सो याच्यासाठी त्यानं ‘हाउहा’ चित्रित केला. त्यातली चौकट आजोबांच्या अल्बममधल्या फोटोसारखी, चारही कोपरे गोल. पण माझा जीव रमतो तो कौरिस्माकीच्या सिनेमांतल्या हेलसिंकीच्या खोल्यांत.

त्या खोल्या गरिबांच्या. एक टेबल, एक रेडिओ, निळसर किंवा हिरवट भिंत. कॅमेरा सहसा जागचा हलत नाही. उजेड मात्र अस्सल नाटकी: एका बाजूनं येणारा, कडक, भिंतीवर ठसठशीत सावली पाडणारा. असा उजेड खऱ्या घरात कधीच नसतो, तरी खोली खोटी वाटत नाही. डिसेंबरात जिथं दिवस सहा तासांचाही नसतो, तिथल्या माणसाला दिव्याची किंमत जास्त कळत असेल, असा आपला माझा तर्क.

‘फॉलन लीव्ह्ज’मधली आन्सा सुपरमार्केटात राबणारी, एकटी. विजेचं बिल बघून घरातली उपकरणं बंद करणारी. पाहुणा जेवायला येणार, तर ही त्याच्यासाठी एक ताटली, एक काटा नि सुरी विकत आणते. एकटीच्या घरात दुसरी ताटली कशाला असेल? पुढे जेवणानंतर बिनसतं, तो निघून जातो, आणि ती ताटली कचऱ्याच्या डब्यात. रडारड नाही. मी तिथं थांबवून पुन्हा पाहिलं. ताटली साधीच होती.

दुसऱ्या दिवशी मी घरात प्रयोग केला. आमच्या स्वयंपाकघरातली ट्यूबलाइट भारी समदर्शी. कुकर, कॅलेंडर, माझा चेहरा, सगळ्यांना सारखाच पांढराफटक रंग देते. ती बंद केली आणि अभ्यासाचा दिवा ओट्याच्या कडेला ठेवला. पितळी डब्याची लांबलचक सावली भिंतीवर चढली. स्टीलच्या पेल्याच्या काठावर उजेडाची एक बारीक रेघ आली. वीस वर्षं त्या पेल्यातून पाणी पितोय, काठाला पडलेला पोचा पहिल्यांदाच दिसला.

तेवढ्यात आई आली. खट्कन ट्यूब लावली. “अंधारात काय बसलायस? आणि तो दिवा उचल तिथनं, फोडणी घालायचीय.”