भिंतीची भोकं

घाटकोपरला टेकडीखालच्या संरक्षक भिंतीची भोकं आज कुणीतरी सिमेंटने लिंपत होतं. “घाण पाणी गळतं हो, गल्लीत शेवाळ धरतं.”

अहो, गळायलाच ठेवलीत ती!

या टेकड्यांत खाली काळा पाषाण, वर त्याचाच झिजून झालेला मुरूम आणि माती. पावसाचं पाणी मुरमातून झिरपतं, घट्ट दगडावर अडतं आणि वाट नसली की भिंतीमागे साचतं. माती भिजून जड होते, पकड सोडते. शिवाय पाण्याचा दाब वेगळाच: २ मीटर साचलं तर तळाशी चौरस मीटरला सुमारे २ टन.

भोकामागे खडीचा थर हवा, नाहीतर मातीनेच ती तुंबतात (हे बांधताना कोण बघतं म्हणा). पावसाळ्याआधी सळई घालून मोकळी करायची.

आणि भिंतीला पोट आलं, वरची झाडं कलली किंवा अचानक गढूळ पाणी सुटलं, तर सामान आवरत बसू नका. आधी बाहेर पडा.