तुम्ही विचारलंत म्हणून: बिली मिल्सच का?

"सर, सावरपाड्याची कविता राऊत आपल्याच नाशिक जिल्ह्यातली. मग पोरांना त्या अमेरिकेतल्या आदिवासी धावपटू बिली मिल्सची गोष्ट कशाला सांगता?" मैदानावर भेटणारे पालक हे हमखास विचारतात.

कविताची गोष्ट पोरांना पाठ आहे. 2010 च्या दिल्ली राष्ट्रकुल स्पर्धेत तिनं 10,000 मीटरमध्ये कांस्य मिळवलं, हे आमच्याकडे पाचवीतलं पोरही सांगेल. पण त्यावर मोठ्यांचा एक शेरा ठरलेला: "आदिवासीच त्या, काटक असणारच!" मला तो खटकतो. मेहनतीचं श्रेय परस्पर रक्ताच्या खात्यात टाकलं की शिकवणाराही मोकळा आणि सरकारही.

मिल्सचं उदाहरण इथं कामाला येतं. अमेरिकेच्या दक्षिण डकोटा राज्यात आदिवासींसाठी राखलेल्या पाइन रिज वस्तीतला हा ओग्लाला लाकोटा जमातीचा मुलगा बाराव्या वर्षीच पोरका झाला. विद्यापीठात असताना निवडक धावपटूंचा फोटो निघत होता. छायाचित्रकारानं सावळ्या रंगावरून त्याला बाजूला व्हायला सांगितलं. त्या काळात जीव द्यायचं मनात आलं होतं, हे त्यानं स्वतःच पुढे जाहीरपणे सांगितलं. त्यात रक्तातली साखर उतरायचा त्रास. कसला आलाय जन्मजात काटकपणा!

टोकियो ऑलिंपिक, 1964. 10,000 मीटरची शेवटची फेरी मी चार पोरं पळवूनच दाखवतो. आतल्या बाजूला विश्वविक्रमवीर रॉन क्लार्क, त्याच्यापुढे एका फेरीनं मागे पडलेला धावपटू, क्लार्कच्या उजव्या हाताला मिल्स. क्लार्क कोंडला गेला, त्यानं वाट काढायला मिल्सला ढकललं. मिल्स बाहेर फेकला गेला आणि तेवढ्यात ट्युनिशियाचा गम्मूदी दोघांच्या मधून घुसला. मिल्स तिसरा. शेवटच्या सरळ पट्ट्यात त्यानं बाहेरून येऊन दोघांनाही मागं टाकलं आणि सुवर्ण जिंकलं. वेळ 28 मिनिटं 24.4 सेकंद, स्वतःच्या आधीच्या सर्वोत्तम वेळेहून 46 सेकंद कमी. (गम्मूदी व्हायला सगळ्यांना आवडतं. धक्का मारायला मिळतो ना!)

पण माझा जीव अडकलाय तो त्यापुढच्या भागात. लाकोटांच्या रीतीत ज्याचा मान झाला त्यानं इतरांना वाटायचं असतं. आपल्याकडे पदक आलं की शाल खेळाडूला आणि भाषण पुढाऱ्याचं. मिल्सनं 1986 मध्ये 'रनिंग स्ट्राँग फॉर अमेरिकन इंडियन यूथ' ही संस्था उभी करायला हात लावला. आदिवासी मुलांसाठी काम करायचं तर आधी घरात पाणी आणि पोटात अन्न हवं, हे पाइन रिजमध्ये वाढलेल्याला कुणी सांगावं लागत नाही. संस्थेनं त्याही कामात हात घातला. टोकियोतल्या विजयाच्या पन्नाशीनिमित्त तिनं नवा उपक्रम काढला: दहा आदिवासी तरुणांना त्यांच्या मनातलं काम उभं करायला प्रत्येकी 10,000 डॉलर. धावला तेवढ्या मीटरचे तेवढे डॉलर.

इथं पोरं गोष्ट थांबवतात. "सर, म्हणजे किती रुपये?" मग उरलेला खेळाचा तास गुणाकारात जातो.